वाडा उठला

मुकुंदवाडी,
२८ जून २०२५

कस्तुराअक्का,

माझं अक्षर ओळखलंत तर पाकीट फाडून टाकाल, म्हणून वरचा पत्ता वच्छलाबाईंकडून लिहून घेतला आहे. आता उघडलंच आहे तर एवढं पान वाचा. वच्छलाबाई आमच्या गल्लीतल्या. दर आठवड्याला पाचोडच्या बाजारात स्टीलची भांडी घेऊन जातात. तुमचं नाव काढलं तर म्हणाल्या, "दवाखान्याच्या आशाताई ना? त्यांना कोण वळखत नाय!" फोनच केला असता, पण माहेरच्या कुणाचाही फोन तुम्ही अकरा वर्षांत उचललेला नाही, आणि माझा फोन हल्ली ह्यांच्या खिशात असतो.

एक साधी गोष्ट विचारायची आहे. तुम्ही मेंढरांमागे वाढलात, मी कन्नडच्या शाळेशेजारी. तुमच्या भावाचा आणि मेंढरांचा संबंध ते पाच वर्षांचे असतानाच सुटला. सोनाजीआबा असते तर त्यांनाच विचारलं असतं, पण गेल्या दिवाळीत तेही गेले. वडील गेल्याचं तुम्हाला कळवलं होतं, तुम्ही आला नाहीत. असो. "वाडा उठला, पाणी सांडा" म्हणजे काय?

विचारण्याचं कारण सांगते. जेठातल्या पुनवेला पिशोरच्या माळावर आपल्या बिरोबाची जत्रा झाली. अंगात देव येऊन भाकणूक सांगायला आबा नाहीत. पुंडलिकमामा ढोल बडवून बडवून थकले, कुणाच्या अंगात येईना. लोक उठून कपडे झटकायला लागले आणि तेवढ्यात आमची प्रेरणा थरथरायला लागली. तुम्ही शेवटची पाहिली तेव्हा ती दोन वर्षांची होती, आता तेरा वर्षांची आहे. डोळे अर्धे मिटलेले, अंग घामाने भिजलेलं, आणि तोंडाने सारखं एकच: "उठा रं, वाडा उठला. आवसंला वाडा उठला. पाणी सांडा. मागं कुणी ऱ्हाऊ नका." आवाज तिचा, बोली आबांची. सगळा माळ पालथा पडला.

पुंडलिकमामा म्हणतात, वाडा म्हणजे हे जग. आखाडाच्या अमावस्येला, म्हणजे २४ जुलैला, देव जग उठवणार, समुद्र सांडणार, आणि त्या दिवशी माळावर जे बसलेले असतील तेवढेच उरणार. ह्यांनी त्या दिवसापासून कंपनीत जाणं सोडलं आहे.

प्रेरणाची तब्येत बरी आहे. दोन वर्षांपूर्वी तिला साखरेचा आजार निघाला, रोज चार वेळा इन्सुलिन टोचावं लागतं. कुणाकडून तरी तुम्हाला कळलंच असेल. बाकी सर्व ठीक.

उत्तर वच्छलाबाईंकडे द्या. त्या डब्याच्या आत घालून आणतील.

सुकेशनी

५ जुलै

अक्का,

वच्छलाबाई रिकाम्या हाताने आल्या. तुम्ही उंबऱ्यात उभं राहून पत्र वाचलंत, त्यांना चहा दिलात आणि आत निघून गेलात म्हणे. फाडलं नाहीत. तेवढ्या आधारावर पुन्हा लिहिते. हे प्रेरणाच्या विज्ञानाच्या वहीचं पान आहे. तिची शाळा बंद केली, त्यामुळे घरात कोऱ्या पानांना तोटा नाही.

सर्व ठीक आहे असं मी लिहिलं होतं. ठीक नाही. मला इतकी भीती वाटते की पोळी तव्यावर टाकून मी विसरते आणि धूर झाल्यावर कुणीतरी बाहेरचं माणूस येऊन ती उलटतं. बाहेरची माणसं आता घरातच असतात. दोन खोल्यांत सकाळपासून रांग. माझं शिलाई मशीन गॅलरीत गेलं आणि त्याच्या जागी पाट मांडून प्रेरणाला बसवलं आहे. बायका तान्ही पोरं तिच्या मांडीवर ठेवतात. तिच्या पायावर इतकं पाणी घालतात की बोटांच्या बेचक्या पांढऱ्या पडल्या आहेत. पिशोरकडच्या चार-पाच घरांनी यंदा पेरलंच नाही. कापायला कोण उरणार, म्हणतात.

काल दुपारी तिचं डोकं विंचरत होते. मला म्हणाली, "आई, मी बोलले म्हणून जग बुडणार आहे का?" मी म्हटलं, नाही गं. ती म्हणाली, "मग मी परत घेते. मी म्हणाले ते परत घेते. कुणाला सांगायचं?" मी नुसती वेणी घालत राहिले.

तुमच्या भावाला वाईट समजू नका, हेही लिहायला हवं. सुया सुरू झाल्यापासून ह्यांनी एकदाही तिला हाताने टोचलेलं नाही. मी इन्सुलिनचं पेन हातात घेतलं की चपला घालून रेल्वे स्टेशनच्या बाकावर जाऊन बसायचे आणि झालं का म्हणून फोन करायचे. परवा मला म्हणाले, "सुके, जन्मभर टोचून घ्यायचं त्या पोरीनं. जग सरलं तर सुई पण सरंल." बोलताना चेहरा इतका हलका झाला होता! दोन वर्षांत मी तो तसा पाहिला नव्हता. मला खरी भीती तिथून वाटायला लागली.

आपल्यात काय झालं ते मी विसरलेले नाही. तरी लिहा.

सुकेशनी

पाचोड,
६ जुलै

सुकेशनी,

तुजी दोन्ही पत्रं भेटली. भावाच्या घराला मी मेले, त्ये तसंच ऱ्हाऊ दे. पोरीपायी लिहिते.

वाडा म्हंजी जग नाय गं बाई. वाडा म्हंजी मेंढरांचा मुक्काम. आखाडाच्या आवसंपातूर पाऊस लागला की चिखलानं मेंढरांची खुरं कुजत्यात. मग बा वाडा उचलायचा आन् उंच माळाला न्यायचा. निघायच्या दिशी सकाळीच हाळी द्यायचा, उठा रं, वाडा उठला. पाणी सांडा म्हंजी उरल्यालं पाणी चुलीवर वता, इस्तू मागं ऱ्हायला तर कुणाच्या कडब्याला लागंल. मागं कुणी ऱ्हाऊ नका म्हंजी कोकरं मोजून घ्या. एवढंच हाय. दरसाल व्हायचं. बानं नातीला गोष्ट सांगितली आसंल, तिच्या ध्यानात ऱ्हायली.

आता तू मला सांग. घाम, थरथर, डोळं अर्धं मिटल्यालं. त्या दिशी सुई किती वाजता दिली? आन् पोरगी जेवली कवा? मी आशाचं काम करते. मला येडी समजू नको.

माझ्या सत्यमला साप चावला तवा समदी बाच्या भाकणुकीची वाट बघत बसली. तू पोरीला कडंवर घिऊन दारात हुबी व्हतीस. तुज्या हातात फोन व्हता. मी तुज्याकडं बघितलं व्हतं.

खरं लिहिणार आसशील तरच लिही.

कस्तुरा

१२ जुलै

अक्का,

फोन हातात होता. अँब्युलन्सचे आकडे तीनच. दोन दाबले होते. आबांनी हात वर करून "थांब, देव बोलू दे" म्हटलं आणि मी थांबले. लहान सून होते, घाबरले होते, ही कारणं मी अकरा वर्षं स्वतःला सांगत आले. तुम्ही माझ्याकडे पाहिलंत तेव्हा मी खाली पाहिलं. सत्यम सहा वर्षांचा होता. त्याची चप्पल माझ्या पायापाशी पडली होती, मी तिच्याकडे बघत होते.

आता दुसरं. सुई साडेबाराला दिली. एकला पंगत बसणार होती. पण नैवेद्य लांबला आणि नैवेद्याआधी जेवायचं नाही. अडीच वाजून गेले. इन्सुलिन टोचून पोटात काही गेलं नाही की साखर खाली उतरते. घाम फुटतो, हातपाय कापतात, मूल भलतंच बरळतं. घरी हे तीनदा झालेलं आहे. अंगात येणं वगैरे काही नव्हतं अक्का, मला पहिल्या थरथरीलाच कळलं. गुळाचा खडा कायम माझ्या पदराला बांधलेला असतो. गाठ सोडली, खडा मुठीत घेतला, माणसांतून वाट काढत तिच्यापर्यंत पोचले.

आणि तेवढ्यात सत्यभामाबाईंनी तिच्या पायावर डोकं ठेवलं. पिशोरच्या त्या मोठ्या घरातल्या बाई. गेल्या वर्षी एका लग्नात त्याच माझ्यादेखत म्हणाल्या होत्या, "सुईवाली पोर ती, हिला कोण करणार?" त्यांच्यामागे आणखी बायका. माझी मुलगी, जिच्या पाण्याच्या पेल्यालासुद्धा लोक हात लावायला बिचकायचे, तिच्यापुढे सगळा माळ आडवा. मी थांबले. पुन्हा थांबले, अक्का. किती वेळ ते सांगता येत नाही. मूठ उघडली तेव्हा गूळ पाघळून बोटांना चिकटला होता. तो तिच्या तोंडात घातला तर लोकांना वाटलं मी प्रसाद भरवते आहे. उरलेला त्यांनी माझ्या बोटांवरून पुसून घेतला.

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. वाड्याचा अर्थ मात्र ह्यांना सांगितला. म्हटलं, अहो, वाडा म्हणजे नुसता मुक्काम. ह्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मग बरोबरच हाय की. जग म्हंजी तरी काय, मुक्कामच."

आज हे परत आले की साखरेचंही सांगणार आहे. शिव्या देतील, मारतील, पण निदान हे थांबेल.

सुकेशनी

१९ जुलै

अक्का,

सांगितलं, आणि सांगायला नको होतं.

सगळं ऐकून हे उठले, तोंडावर पाणी मारून आले. मला वाटलं, उतरलं डोक्यातलं. मग म्हणाले, "म्हंजी सुई दिली आन् खायाला दिलं नाय, की देव येतो." मी म्हटलं, देव नाही हो, साखर उतरते, त्यात मूल दगावतंसुद्धा. तर म्हणतात, "देवाला आत यायला कुठलं तरी दार लागतंच ना."

त्या संध्याकाळी पुंडलिकमामांना बोलावून ठरवलं. मंगळवारी, २२ तारखेला सगळे माळावर जायचे. तिथे गुरुवार सकाळपर्यंत तिला औषध आणि जेवण नेहमीसारखं. गुरुवारी, अमावस्येला, उजाडल्यापासून उपास. सकाळी नऊला सुई. नंतर काही नाही. म्हणजे देव येईल आणि जग उठायच्या आधी कुणी कुठे बसायचं ते सांगेल. पेन ह्यांनी माझ्याकडून काढून घेतलं आहे. ज्या माणसाला सुई बघवत नव्हती तो आज दुपारी माझ्यासमोर बसून विचारत होता, आकडा कुठे फिरवायचा, किती घ्यायचा. मी कमी आकडा सांगितला तर म्हणाले, "खोटं बोलू नको, डॉक्टरांच्या चिठ्ठीवर लिव्हलंय." ते लिहिलेलं जेवणाच्या हिशोबानं असतं, हे त्यांना पटत नाही.

हे तिला मारायला निघालेले नाहीत, वाचवायला निघाले आहेत. म्हणूनच त्यांच्यापुढे माझं काही चालत नाही. नळावर गेले तरी दोन बायका सोबत येतात. माझ्या पदराच्या गाठी रोज सोडून बघतात. कन्नडचा माझा भाऊसुद्धा माळावर मांडव घालायला गेला आहे. पोलीस आणायचे म्हटलं तर गाडी नुसती दिसली तरी हे सुई आधी टोचतील, तसं बोलून दाखवलं आहे.

प्रेरणाला ठाऊक आहे. तिला सगळंच ऐकू येतं. तिने मला विचारलं, "आई, गुरुवारी मी काय बोलायचं? काय बोलले तर सोडतील?" मी म्हटलं, काही बोलू नकोस. ती म्हणाली, "तेव्हा मला कळत नसतं गं, काय बोलते ते."

मी तुमच्याकडे मागायच्या लायकीची नाही. तुम्ही माझ्याकडे पाहिलं होतंत, तसं मी आता तुमच्याकडे पाहते आहे. तुम्ही खाली बघितलंत तरी माझी तक्रार नाही. पण या, अक्का.

सुकेशनी

सरकारी दवाखाना, मुलांचा वॉर्ड,
२७ जुलै

अक्का,

प्रेरणा वाचली. काल दोन घास वरणभात खाल्ला आणि शेजारच्या मुलाशी मोबाइलवरून भांडली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आणखी अर्धा तास गेला असता तर सांगता आलं नसतं.

माळाच्या वरच्या अंगाला तुम्ही उभ्या होतात, खालचं तुम्हाला दिसलं नसेल, म्हणून लिहिते. ह्यांनी बरोबर नऊला टोचलं. पेन दोनदा हातातून खाली पडलं. ढोल सुरू झाला. पावणेदहाला तिच्या कपाळावर घाम आला. दहाला मान कलली. दोन बायकांनी माझे दंड धरले होते. मी ओरडत होते, पण ढोलात आणि जयजयकारात माझं ओरडणं भक्तीतच जमा झालं. ह्यांनी देवाचे शब्द उतरवून घ्यायला वही उघडली होती. सगळे तिच्या तोंडाकडे बघत होते आणि तिच्या तोंडून शब्द निघत नव्हता. ती पहिल्यासारखी बोलत नव्हती. त्या दिवसापेक्षा साखर जास्त उतरली होती.

आणि वरून हाळी आली. "उठा रं! वाडा उठला! पाणी सांडा! मागं कुणी ऱ्हाऊ नका!"

अक्का, मला क्षणभर आबाच वाटले. पुंडलिकमामांचा ढोल थांबला. म्हातारी माणसं आधी उठली, त्यांनी काही विचारच केला नाही, पायांनीच ओळखलं. मग सगळा माळ उठला. ज्याच्या त्याच्या हातात तांब्या होता, तो रिकामा करायची घाई. पाणी सांडा म्हटलं आहे ना! माझे दंड धरलेल्या दोघींनीसुद्धा हात सोडले आणि आपापले तांबे पालथे केले. पुंडलिकमामांनी ढोल खांद्याला अडकवला आणि माळ उतरायला लागले, त्यांच्यामागे रांग. पाच मिनिटं कुणी मागे वळून बघितलं नाही. जग उठायला बसलेले लोक तुमच्या हाळीवर मुक्काम उठवून चालू पडले.

माझा पदर त्यांनी तपासला होता, पण गूळ मी प्रेरणाच्या वेणीत गुंफला होता, रिबिनीच्या आत. तो काढून चुरला आणि तिच्या हिरड्यांना चोळला. ह्या वेळी थांबले नाही. तिला खांद्यावर घेऊन खाली पळाले, तर डब्यातून आलेल्या तुमच्या चिठ्ठीत लिहिलं होतं तसा वच्छलाबाईंचा टेम्पो भांड्यांसकट उभा होता. सगळ्या वाटेने भांडी वाजत होती आणि वच्छलाबाई तिच्या गालाच्या आतून गूळ चोळत म्हणत होत्या, "बोल गं माजी बाय, कायबी बोल, शिव्या दे मला." मी मागे पाहिलं तेव्हा माळावर तुम्ही आणि हे, दोघंच उरला होतात. तुमच्यात काय बोलणं झालं ते मी विचारत नाही.

येत्या बाजारच्या दिवशी आम्ही दोघी पाचोडला येतो. तुमच्या घराला मी मेलेली नसले तर दार उघडं ठेवा. परत मुकुंदवाडीला का जात नाही, ते सांगते.

हे आज आले होते. वॉर्डात सोडलं नाही, जिन्याशी उभे होते. दाढी वाढलेली, डोळे सुजलेले. मला आधी वाटलं, रडून सुजलेत, आणि माझं मन पाघळायला लागलं. मी म्हटलं, बरी आहे ती. ह्यांनी मान हलवली. मग हळूच म्हणाले, लोक म्हणतायत भाकणूक खरी ठरली, आवसेला वाडा उठला की. आता पुढचं सर्वपित्रीला असंल. आणि मला विचारलं, "शुद्धीवर आल्यावर ती काय बोलली का? पहिला शब्द काय?"

मी आत येऊन प्रेरणाला सांगितलं, बाबा आलेत, असं असं विचारतायत. तिने सलाइनची नळी बाजूला केली आणि उठून बसली. म्हणाली, "बाबांना सांग, मला भूक लागली होती. जत्रेत पण. मला फक्त भूक लागली होती."

मी बाहेर जाऊन तिचे शब्द जसेच्या तसे सांगितले. ह्यांनी खिशातून वही काढली, भिंतीला टेकवून ते लिहून घेतलं, खाली तारीख घातली. मग माझ्याकडे बघून विचारलं, "भूक कुणाला? देवाला का?"

मी आत येऊन प्रेरणाची पिशवी भरायला घेतली.

सुकेशनी